विहिरीत उतरलेली सात माणसं

सुदामराव खिल्लारे यांची माझी पहिली भेट जिंतूरच्या बसस्थानकावर झाली. बहात्तरच्या दुष्काळातला उन्हाळा होता. पूर्णा जंक्शनच्या रेल्वे वसाहतीत वाढलेले सुदामराव कॅनडातल्या दूरचित्रवाणीसाठी स्वतःच्या नावावरचा पहिला माहितीपट करायला आले होते. मी शाळामास्तर. सुट्टीत त्यांच्या परदेशी कॅमेरामनचा दुभाषी म्हणून मला बोलावलं होतं. साहेबांशी इंग्रजीत काय बोलायचं, हे मी बसमध्ये घोकून आलो होतो. सुदामराव गाडीतून उतरताच म्हणाले, "गुरुजी, चहा झाला का न्हाई?"

पुढे त्यांनी तिकडे कितीतरी चित्रपट आणि मालिका दिग्दर्शित केल्या. त्यांविषयी जाणकार लिहितीलच. मला एका दुपारविषयी लिहायचं आहे.

दुष्काळी कामावरच्या एका विहिरीत सुरुंग उडणार होता. कॅनडातल्या दूरचित्रवाणीच्या अधिकाऱ्यांना तो स्फोट चित्रपटात हवाच होता, आणि फिल्मचा शेवटचा डबा कॅमेऱ्यात चढला होता. मुकादमाने शिट्टी मारली. मजूर शिडीवरून वर आले. वात पेटवायला सुरुंग लावणारे किसनभाऊ एकटे खाली थांबले. कॅमेरा सुरू झाला.

एकाएकी सुदामराव कॅमेऱ्यासमोरूनच विहिरीकडे धावत सुटले.

"थांबा! एक बाई खाली हाय!"

"समदे वर आलेत, सायेब," मुकादम ओरडला. "तुमी मागं व्हा!"

"किसनभाऊ सोडून सात जन उतरले सकाळी, वर सहाच आले. मी नावं इचारलीत समद्यांची. गयाबाई कुठं हायत?"

सुदामराव काठावर पालथे पडून खाली किसनभाऊंना हाका मारू लागले. किसनभाऊंनी दोन वाती पेटवल्या होत्या. आमच्या पायाखालून त्यांची फुरफुर ऐकू येत होती. मुकादम आम्हाला मागे ओढत होता. सुदामराव जागचे हलले नाहीत. किसनभाऊंनी सुरीने एक वात छाटली. दुसरी दगडाआड होती. ती हाताला लागेपर्यंत ते दगड चाचपत राहिले. मग फुरफुर थांबली.

गयाबाई कपारीच्या सावलीत पाठमोऱ्या बसल्या होत्या. किसनभाऊंनी खांद्याला हात लावला तेव्हा त्या दचकल्या.

"डोळा लागला व्हता," असं त्यांनी मुकादमाला सांगितलं. सुदामरावांना मात्र बाजूला घेऊन म्हणाल्या, "दादा, सुरुंगानं कान गेलेत माजे. तुमच्या त्या पेटीत मी आले असंन तर कुनाला दावू नका. बहिरीला कामावर कोन घेईल?"

कॅमेरा सुरूच राहिला होता. सगळा प्रसंग फिल्मवर आला होता. कॅमेरामन आनंदाने माझे खांदे हलवत होता. स्फोटापेक्षा हे लाखमोलाचं आहे, असं त्याचं म्हणणं. ते खरंही होतं. सुदामरावांनी गयाबाईंना शब्द दिला आणि तो तुकडा चित्रपटात घेतला नाही. स्फोट का नाही म्हणून तिकडून तारा आल्या, दटावणी झाली. कारण सांगितलं तर शब्द मोडत होता, म्हणून त्यांनी कारणही सांगितलं नाही. ठरलेला पुढचा चित्रपट त्यांच्या हातून गेला. नंतर दोन वर्षं ते दुसऱ्यांच्या हाताखाली राबले. त्या काळातल्या एका पत्रात त्यांनी मला लिहिलं, "राग येतो, गुरुजी. पण त्या बाईवर न्हाई."

त्या उन्हाळ्यात परत जाण्याआधी त्यांनी मुकादमाची मनधरणी करून गयाबाईंना विहिरीवरच्या मजुरांना पाणी द्यायच्या कामावर लावलं. दुष्काळ सरेपर्यंत त्या कामावर राहिल्या. त्या आता नाहीत, म्हणूनच आज हे लिहितो आहे. सुदामरावांनी स्वतः हे कुणाला सांगितलेलं मला ठाऊक नाही.

सुदामराव आज पंचाहत्तर वर्षांचे होत आहेत. पत्रात गुडघे कुरकुरतात अशी त्यांची तक्रार असते, आणि त्याच पत्रात नव्या चित्रपटाची जुळवाजुळवही असते. त्यांचे गुडघे आणि नजर शाबूत राहोत, हा चित्रपट मनासारखा पुरा होवो, आणि त्यानंतर आणखी कैक चित्रपटांना पुरतील एवढी निरोगी वर्षं त्यांना लाभोत.