सुम्ने
डांबरगोळ्यांचा वास आला की मला अण्णांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा, काळा बंद गळ्याचा कोट दिसतो. हेडमास्तर झाल्यावर घालायला म्हणून त्यांनी तो हौसेनं शिवला होता. घातला मात्र हायकोर्टाच्या तारखांना. आमचं मराठी घर पिढ्यान्पिढ्या कन्नड मुलुखातलं; भाषावार प्रांतरचनेत कन्नडचं राज्य नवं झालं आणि नियम आला की, ज्याची मातृभाषा कन्नड नाही त्याला कन्नडची परीक्षा दिल्याखेरीज बढती नाही. सरकारी शाळेत जन्मभर कन्नडमधून गणित शिकवलेल्या अण्णांना हा अपमान सोसला नाही. परीक्षा न देता ते कोर्टात गेले. वकील म्हणाला, "मास्तर, मातृभाषा कन्नडच आहे म्हणा, काम झालं." अण्णा म्हणाले, "माझी आई अजून जिवंत आहे. ती मराठी बोलते." निकाल विरुद्ध गेला. मी तेव्हा कॉलेजात होते, त्यांच्याबरोबर जटक्यातून, म्हणजे टांग्यातून, घरी आले. घरी अण्णांची आई सारूला फोडणी घालत होती. त्यांनी तिला सगळं सांगितलं. हातातली पळी तशीच धरून ती म्हणाली, "अय्यो, सुम्ने हो म्हणून सोडायचं की रे!" सुम्ने. उगीच म्हणायला आमच्या घरात दुसरा शब्दच नव्हता, आणि हा कन्नड आहे हे तिच्या गावीही नव्हतं. अण्णांनी एकेक बटण सोडलं आणि कोट ट्रंकेत ठेवला. परवा ट्रंक आवरताना सुनेनं विचारलं, "हा कुणाचा, कशाला ठेवलाय?" मी म्हटलं, "सुम्ने."