आईचं माहेरचं नाव

आईला झटका आला तेव्हा भात कापणीला आलं होतं. ती कडावजवळच्या आमच्या घरी, माझ्या धाकट्या भावाकडे राहायची. मी खोपोलीहून पोचेपर्यंत त्याने तिला कर्जतच्या दवाखान्यात आणलं होतं. उजवी बाजू गेली होती, बोलणं तुटक झालं होतं, पण माणसं ओळखत होती.

डोक्याचा फोटो काढायचा म्हणून नर्सने अंगावरचं सगळं उतरवायला सांगितलं. आईच्या गळ्यात काळ्या दोऱ्यात एक चांदीचा टाक होता, रुपयाएवढा, त्यावर बाईची पुसट आकृती. वडील गेले तेव्हा तिने मंगळसूत्र उतरवलं होतं, हा टाक नाही. कुलदेवीचा असेल असं आम्ही समजत आलो होतो. नर्सने दोऱ्याला हात लावताच आईने डाव्या मुठीत टाक घट्ट धरला. नर्स तिला नावाने हाका मारून समजावायला लागली. एका मोठ्या नदीचं नाव होतं ते. तिसऱ्या हाकेला आई म्हणाली,

"ती मेली."

"कोण मेली, आजी?"

"ह्ये तिचं हाय."

"अशा दुखण्यात गोंधळ होतो त्यांचा," नर्स मला म्हणाली. मी दोरा कापला आणि टाक पर्समध्ये ठेवला.

दुपारी कशेळ्याहून आत्या आली, वडिलांची धाकटी बहीण. बाहेरच्या बाकावर मी तिला टाक दाखवला.

"अगं, सवतीचा हाय तो," ती म्हणाली. "तुला ठावं नाय?"

मी पंचेचाळीस वर्षांची होते. वडिलांचं आधी एक लग्न झालं होतं, हे मला त्या बाकावर कळलं.

आत्याने सगळं सांगितलं. पहिली वहिनी नदीपलीकडच्या गावातली. दुसऱ्या वर्षी दिवस गेले. भर पावसात पोटात दुखायला लागलं, रक्त थांबेना. चौघांनी बाजेवर घालून तिला शेतातून रस्त्याकडे नेलं. "बांधावरच गेली गं. पोर पन गेलं." वर्षाच्या आत आईला करून आणलं. लग्नाच्या दिवशी ताटात तांदूळ पसरले. नवऱ्याने अंगठीने त्यात नव्या नवरीचं नाव लिहायचं. वडिलांनी आजीला विचारलं, काय लिहू?

"आये म्हनाली, पयलीचंच लिव. माज्या तोंडात बसलंय, आता नवं कुटं शिकू? ताट मीच धरलेलं. दादानं दोनदा तांदूळ सारखे केले. मग लिवलं."

"आणि आई?"

"ती काय बोलनार? खाली मान घालून बसलेली. पुढं मरेपर्यंत गळ्यात घालायला टाक दिला, पयलीनं तरास देऊ नये म्हनून."

मला आठवलं, आई पहिल्या हाकेला कधीच ओ द्यायची नाही. आजी अंगणातून हाक मारायची, आई चुलीपुढे गप्प. दुसऱ्यांदा मारली की मग उठायची. ती बहिरी आहे असं आजी सगळ्यांना सांगायची आणि आम्हालाही तेच वाटायचं. खरं तर दूध उतू गेल्याचा चर्र आवाज आला की गोठ्यातून पळत यायची ती.

"तिचं माहेरचं नाव काय होतं गं?" मी आत्याला विचारलं.

"कुनी इचारलंच नाय," ती म्हणाली.

मीही कुठे विचारलं होतं? शाळेच्या फॉर्मपासून लग्नपत्रिकेपर्यंत तिचं नाव मी शेकडो वेळा लिहिलं असेल. ते सासरी ठेवलेलं नाव आहे, हेही मला माहीत होतं. सगळ्यांच्याच आयांची नावं बदललेली असतात, त्यात विचारण्यासारखं काही आहे असं वाटलं नव्हतं.

आईला वॉर्डात आणल्यावर मी नव्या दोऱ्यात टाक ओवून तिच्या गळ्यात बांधला आणि कानाशी जाऊन विचारलं, "आई, माहेरी तुला काय म्हणायचे?" तिने माझ्याकडे पाहिलं. ओठ हलवले. 'स' म्हणाली की 'श', मला कळलं नाही. परत विचारलं, तेव्हा नुसता श्वास बाहेर आला. तिने डोळे मिटून घेतले.

दुसऱ्या दिवशी मी कोंडाण्याला गेले. तिथे आईचा धाकटा भाऊ असतो, तिच्याहून आठ वर्षांनी लहान. प्रश्न ऐकून तो ओटीवर बसूनच राहिला.

"आमी आक्काच म्हनायचो. आये-बापूस पोरी म्हनायचे. काय तरी नाव व्हतं खरं."

"शाळेत असेल?"

"तवा पोरी कुटं शालंत जायाच्या?"

तो मला शेजारच्या म्हातारीकडे घेऊन गेला. तिने विचार करून एक नाव सांगितलं. मग म्हणाली, नाय, ती सुताराची पोर. मामा परत येताना वाटेतच रडायला लागला. "सख्ख्या बहिनीचं नाव ठावं नाय मला," असं तो दोनदा म्हणाला.

मी परतले तोवर आईचं बोलणं पार गेलं होतं. नवव्या दिवशी ती गेली. आत्याने तिच्या गळ्यातला टाक काढून उल्हास नदीत सोडला. "सुटल्या दोगी," ती म्हणाली. मला तसं वाटलं नाही. मृत्यूची नोंद करायला मीच गेले. कारकुनाने नाव विचारलं, मी तेच मोठ्या नदीचं नाव सांगितलं. पहिलीच्या मृत्यूची नोंद कोणी केलीच नव्हती. आता त्या नावाची बाई गेल्याचा एक कागद झाला. आईचा कागद कुठेच नाही.

होळीच्या सुमारास भावाला मुलगी झाली. आईचं नाव ठेवायचं म्हणून तो हट्टाला पेटला. मी त्याला सगळं सांगितलं. त्याने शांतपणे ऐकून घेतलं.

"ताई, आईला गाव याच नावानं ओळखतं," तो म्हणाला. "हे तिचं नसेल तर तिचं कुठलं? तू सांग, ते ठेवतो."



बारशाला बाळाच्या कानात नाव सांगायचं ते आत्याने, म्हणजे मीच. बायका पाळण्याभोवती दाटून उभ्या होत्या. मी वाकले. बाळाच्या कानाला दुधाचा वास येत होता. क्षणभर वाटलं, दुसरंच काहीतरी सांगावं, कोणाला कळणार आहे? पण दुसरं काही जवळ नव्हतं. ठरलेलं नाव सांगितलं. मग रीतीप्रमाणे सगळ्यांनी माझ्या पाठीत धपाधप बुक्के घातले आणि हसत सुटल्या. मी मान वर केली तेव्हा माझा चेहरा पाहून भावजय घाबरली.

"जोरात लागलं काय हो, ताई?"

मी हो म्हटलं.