सीधा पदर

आमची लाडकी नटी कुठल्याही समारंभाला जावो, जरीची रेशमी साडी, अंबाड्यावर गजरा आणि डाव्या खांद्यावरून पाठीवर सोडलेला पदर. बास. बाकीच्या चमचमणाऱ्या मंडळींकडे मग कोणी बघत नाही. तो पदर घसरत कसा नाही, हे कोडं मला कित्येक वर्षांपासून आहे. बायकोला विचारलं की ती म्हणते, "तुम्हाला साडी नेसायचीय का?"

भाचीनं ठरवलं, साखरपुड्याला अगदी तिच्यासारखं नटायचं. कारण होतं. होणाऱ्या सासूबाई पुण्याच्या. फोनवर एकदा म्हणाल्या होत्या, "तुमचं ग्वाल्हेरचं मराठी गोड आहे हो, फक्त अधूनमधून हिंदी वाटतं." पोरीला ते लागलं. निदान दिसण्यात तरी खोट निघू द्यायची नाही, असा तिचा पण.

तिला पडाव भागातल्या पार्लरमध्ये मी घेऊन गेलो आणि पडद्याबाहेर खुर्चीवर बसलो. कान मात्र आत. भाचीनं नटीचं नाव घेतलं. पार्लरवाली म्हणाली, "फोटो रहने दो दीदी, उनकी सारी साड़ियाँ देखी हैं. पल्ला सीधा लोगी या उल्टा?"

"सीधा. आज सगाई है मेरी, उल्टा क्यों लूँगी?"

बरोबरच आहे, मी मनात म्हटलं. शुभकार्यात उलटं कशाला?

पडदा सरकला. भाची सुंदर दिसत होती, पण पदर उजव्या खांद्यावरून पुढे येऊन छातीवर पसरलेला. थेट गुजराती शेठाणी.

"पदर पुढे कसा आला गं?" मी विचारलं.

पार्लरवाली शांतपणे म्हणाली, "सीधा पल्ला ऐसा ही होता है, भाईसाहब. पीछे वाला तो उल्टा."

तेवढ्यात ताईचा फोन, पाहुणे आले, निघा. पुन्हा नेसायला वेळ नव्हता. स्कूटरवर मागून बारीक आवाज आला, "मामा, आता त्या म्हणतील, ग्वाल्हेरच्यांना पदरसुद्धा मराठीत घेता येत नाही." मला हसू आलं होतं, ते मी हेल्मेटमध्ये ठेवलं.

खासगी बाजार मोहल्ल्यातल्या ताईच्या घरी सासूबाईंनी तिला वरून खाली पाहिलं. "हे काय गं, गुजराती?"

"नाही काकू. हिंदीत ह्याला सीधा म्हणतात. मला वाटलं, सीधा म्हणजे आपला नेहमीचा."

"मग आमचा तो कोणता?"

"उल्टा," भाची पुटपुटली.

"म्हणजे जन्मभर मी उलटा पदर घेऊन हिंडले, आणि पुण्यात एकानं सांगितलं नाही?"

त्या जवळ आल्या. पदराची जर बोटांनी चाचपली, एक चक्कर मारून मागून पाहिलं, पुन्हा पुढे आल्या. "अख्खा पदर दिसतो की. आम्ही एवढं विणकाम पाठीला दाखवतो."

ओटी भरायची वेळ आली. कमरेशी खोचलेलं पदराचं टोक त्यांनी स्वतःच सोडवलं आणि भाचीच्या हातांत दिलं. मागून ओढून आणायला नको, पदर समोर तयारच. त्यात तांदूळ, खण, नारळ घालून त्या पुण्याहून आलेल्या बहिणीला म्हणाल्या, "नीट बघून ठेव. लग्नात आपण सीधा घेऊ."

बहीण म्हणाली, "सीधा काय, सरळ म्हण."

"सरळ वेगळा गं. तुला नाही कळायचं."