दिब्ब्याच्या कातळावर दोन विहिणी

“तुम्ही आधी चढा,” विहीणबाई म्हणाल्या, आणि बोलणं पुरं व्हायच्या आत लाट आमच्या कमरेवर आदळली.

मी त्यांचा दंड धरला, त्यांनी माझा. मागे सरळसोट कातळ, पुढे समुद्र. ज्या लाँचमधून आम्ही सहलीला आलो होतो ती आम्हाला न घेताच निघून गेली होती. पायाखालचे गोटे पाण्याबरोबर सरकत होते. कातळात माझ्या छातीच्या उंचीवर एक कपार होती, चटईएवढी. तिच्यावर पक्ष्यांची वाळलेली शीट होती, म्हणजे तिथवर पाणी पोचत नसावं. तिथं चढलो तर जगणार होतो आणि खाली राहिलो तर नाही. यात विचार करण्यासारखं काही नव्हतं, पण विहीणबाई म्हणाल्या, “तुम्ही आधी.”

ही बाई म्हणजे माझ्या सुनेची आई. ठाण्याची, बँकेतून निवृत्त झालेली, गोरी, जाड, गुडघ्यांनी बेजार. मी कराडची. चौथीपर्यंत शाळा, मग लग्न, आणि नवरा गेल्यावर एस.टी. स्टँडजवळ खानावळ. तिच्यावर मुलगा शिकवला. तो शारजात नोकरीला लागला, तिथल्याच अल नहदा भागात फ्लॅट घेऊन राहिला, आणि त्या हिवाळ्यात त्याने आम्हा दोघींना एकदमच बोलावून घेतलं. म्हणाला, दोघींना एकमेकींची सोबत होईल.

सोबत कसली! विहीणबाईंचं सगळं ‘तुम्ही आधी’. लग्नात मी वरमाय होते. त्यांनी माझे पाय धुतले, मानाची साडी दिली, ती मला आवडली नाही म्हणून दुसरी आणली. मी मान घेतला. माझ्या आईने माझ्या सासूला दिला होता, मी का सोडू? पण लग्न संपलं तरी या बाईचं संपेना. गाडीत बसताना तुम्ही आधी. जेवायला तुम्ही आधी. एकदा लिफ्टच्या दारात त्यांचं ‘तुम्ही आधी’ आणि माझं ‘चला हो’ चालू असताना दार मिटलं, लिफ्ट रिकामीच वर गेली. नात हसून हसून खाली बसली. “आजी, जस्ट गेट इन!” असं ती दोघींनाही ओरडून सांगायची. त्या पोरीला मराठी कळायचं, पण बोलायची इंग्रजीच.

एका शुक्रवारी मुलाने आणि त्याच्या बिल्डिंगमधल्या चार-पाच मराठी घरांनी मिळून डोंगरांपलीकडच्या समुद्रकाठी, दिब्ब्याला, एक लाकडी लाँच ठरवली. पहाटे निघालो. वाळवंट संपलं, डोंगर लागले, डोंगर संपले तिथं समुद्र. मुलगा गाडी चालवताना सारखा मागे वळून विचारत होता, “आई, कसं वाटतंय?” मी म्हटलं, “पुढे बघ आधी.”

पण खरं सांगते, ते बघण्यासारखंच होतं. डोंगर अगदी बोडके, आमच्या माणदेशातल्यासारखे, गवताची काडी नाही. फरक इतकाच की यांच्या पायथ्याशी ओढा नाही, थेट समुद्र. हिरवा, निळा, मध्येच काळा. उंच कडे पाण्यात सरळ उतरलेले. एका कपारीत चार-सहा घरांचं गाव होतं. रस्ता नाही, दुकान नाही, दारात होडी बांधलेली आणि वर दगडांत शेळ्या. त्या काय खात असतील ते मला अजून समजलेलं नाही. लाँचच्या बरोबरीने मोठे मासे उड्या मारत निघाले, तेव्हा सगळे एका बाजूला धावले आणि लाँच कलली. लाँचवाला केरळचा होता, तो हिंदीत ओरडला, “बैठो बैठो, मछली को टिकट नहीं देना है!” मी बसूनच होते. सावलीतली जागा मी सोडणार नव्हते. लाँचवर कापडी छत होतं आणि त्याच्याखाली मोजकीच जागा. मी चढल्या चढल्या आमच्या दोघींसाठी गादीवर शाल पसरून ठेवली होती.

वाईट एकच होतं. लाँचच्या मागच्या टोकाला एक लाकडी खोका समुद्रावर लटकवलेला होता, वर उघडा, पुढे पडदा. तेच संडास. विहीणबाईंनी तो बघितला आणि तोंड फिरवलं. मीही. सकाळपासून आम्ही दोघींनी घोटभर चहाही घेतला नाही, तरी दुपारपर्यंत जीव कासावीस झाला. ज्यांना हे वाचायला नको वाटेल त्यांनी वाचू नये. बायकांच्या सहलीत निम्मी गोष्ट हीच असते, कुणी लिहीत नाही इतकंच.

दुपारी लाँच एका खाडीत उभी राहिली. किनाऱ्यावर न्यायला लहान होडी होती, ती चार-पाच खेपा करायची. किनारा म्हणजे गोट्यांची पट्टी. पोरं पाण्यात शिरली, बायकांनी डबे उघडले. मी तिखटमिठाच्या पुऱ्या केल्या होत्या, त्या संपल्या आणि सँडविच राहिली, हे नोंदवून ठेवते. जेवण झाल्यावर मी विहीणबाईंना खूण केली. किनाऱ्याच्या टोकाला डोंगराचा एक सुळका पाण्यात गेला होता, त्याच्या पायथ्याने पलीकडे जाता येत होतं. पलीकडे लहानशी जागा होती, तिन्ही बाजूंनी कातळ, आडोसाच आडोसा. सुनेला सांगून जावं हे सुचलं, पण सून चारचौघांत होती. असली गोष्ट ओरडून सांगायची का?

विहीणबाईंना गोट्यांवरून चालायला वेळ लागला. उठायला त्याहून जास्त लागला. मग एका दगडावर बसल्या, म्हणाल्या, “किती बरं वाटतंय हो.” मलाही वाटत होतं. बसलो दोघी समुद्राकडे बघत. परत निघालो तर सुळक्याच्या पायथ्याची वाट पाण्याखाली गेलेली. मगाशी पाऊल भिजलं होतं, आता तिथं लाटा फुटत होत्या. मला समुद्र कुठं माहीत? मी पन्नाशीत पहिल्यांदा बघितला. भरती येते हे ऐकून होते, पण ती एवढी गुपचूप येते हे कुणी सांगितलं नव्हतं.

तेवढ्यात पलीकडून इंजिनाचा आवाज आला. आम्ही ओरडलो. खानावळीत माझा आवाज रस्त्यापलीकडे जायचा, पण इंजिनापुढे आणि लाटांपुढे काही चाललं नाही. लाँच सुळक्यामागून बाहेर पडली, आमच्याकडे पाठ करून निघाली, आणि लहान होत गेली.

असं कसं झालं ते मला सुनेनं नंतर सांगितलं. होडीच्या शेवटच्या खेपेत मुलाला वाटलं की आम्ही आधीच्या खेपेत गेलो. सुनेला वाटलं की मुलाबरोबर येतोय. लाँचवाल्याने विचारलं, “सब आ गया?” मुलाने इकडेतिकडे बघितलं, म्हणाला, “दोन्ही आया कुठं आहेत?” तर कुणीतरी म्हणालं, “अहो, त्यांची जागा धरलेली आहे की! ही काय शाल. असतील इकडंच.” मुलानं शाल बघितली, शालीवर माझा थर्मास आणि विहीणबाईंची पर्स बघितली, आणि त्याची खात्री पटली. जागा धरलेली असली की माणूस आहेच, ही आपल्या लोकांची समजूत. “चलो, यल्ला,” तो म्हणाला आणि लाँच निघाली.

इकडे पाणी गुडघ्यापर्यंत, मग मांडीपर्यंत, मग कमरेपर्यंत आलं. साड्या भिजून पायांना गुंडाळल्या. तेव्हाच मला ती कपार दिसली आणि विहीणबाईंनी ‘तुम्ही आधी’ सुरू केलं.

“मी वर गेले तर तिथून तुम्हाला ओढून घेणं जमेल का?” मी म्हणाले. “तुमचं वजन बघा. तुम्हाला खालूनच ढकलायला हवं.”

“मला नाही जमायचं. माझे गुडघे... तुम्ही जा वर. तुम्ही तरी राहा.”

तेव्हा मला कळलं, हा मान नव्हता. ही बाई तिथंच राहायचं ठरवून बसली होती. तिचा चेहरा अगदी शांत झाला होता. त्या शांतपणाची मला जितकी भीती वाटली तितकी पाण्याची वाटली नव्हती. ओरडणाऱ्या माणसाला हलवता येतं.

मी म्हणाले, “विहीणबाई, लग्नात वरमाय कोण होतं?”

“अहो, आता काय हे...”

“कोण होतं?”

“तुम्ही.”

“मग मी मुलाकडची. माझा शब्द मोडायचा नाही, असं तुम्हीच म्हणाला होता ना, चारशे माणसांत? मी सांगते, चढा. नाही चढलात तर मी जन्मभर रुसेन आणि तुमच्या मुलीचं जिणं हराम करीन. मला येतं ते.”

त्यांनी माझ्याकडे बघितलं. मी थट्टा करत नव्हते, हे त्यांना समजलं असावं. वळल्या आणि कपारीवर दोन्ही हात टाकले. मी वाकले, नाकातोंडात पाणी गेलं, त्यांच्या बुडाखाली खांदा दिला आणि उठले. कणकेचे डबे, तेलाचे डबे, भरलेली पातेली, जन्मभर मी उचलत आले, पण असलं ओझं कधी उचललं नव्हतं. त्या कोकलत होत्या, “अहो, पडेन! अहो, लागतंय!” मी म्हटलं, “लागू दे!” पुढची लाट आली तिनेही खालून हात लावला म्हणायचा, कारण त्या एकदम वर गेल्या, पोटावर पडल्या, आणि त्यांच्या चपला माझ्या डोक्यावर पडल्या.

त्या लाटेने परत जाताना माझे पाय मात्र काढून नेले. मी पाण्याखाली गेले. तोंडात खारट, कानात घुमल्यासारखं, आणि खाली काहीच नाही. वर यायला बघते तर साडी आवळलेली. आणि मग माझ्या डोक्याला असा हिसका बसला की मान तुटली असं वाटलं. विहीणबाईंनी माझा अंबाडा धरला होता. पालथ्या पडून, अर्धं अंग कपारीबाहेर काढून, एका हातात अंबाडा आणि दुसऱ्यात माझ्या ब्लाउजचा गळा.

“सोडणार नाही! पाय वर घे! अगं म्हशी, पाय वर घे!”

म्हशी! जी बाई मला ताट वाढतानासुद्धा ‘घ्या हो’ म्हणायची ती. मी पाय वर घेतला. कुठं टेकला कुणास ठाऊक. नखं मोडली, कोपर सोलून निघालं, आणि मी त्यांच्या शेजारी येऊन पडले. बराच वेळ दोघी नुसत्या धापा टाकत होतो. मग त्या म्हणाल्या, “मी तुम्हाला म्हैस म्हणाले.”

“म्हणालात. बरं केलंत.”

लोक म्हणतात, देवाने वाचवलं. देवाचं मला माहीत नाही. खालून माझा खांदा होता आणि वरून त्यांचा हात होता, एवढं मी पाहिलं. याचा मला अभिमान आहे आणि तो मी लपवत नाही. मुलगा शिकवला त्याचा आहे, त्याहून थोडा जास्त याचा आहे. आणि त्यांचाही आहे. पाण्याची बादली उचलताना मोलकरणीला हाक मारणारी बाई. तिनं मला सोडलं नाही.

लाँचवर चहा वाटताना सून दोन कप घेऊन आमच्या जागेपाशी आली, तेव्हा नुसती शाल दिसली. तिने कप तिथंच टाकले. लाँच वळवून येईपर्यंत पाणी कपारीच्या कडेला लागलं होतं. लाँचला जवळ येता येईना, म्हणून केरळवाला स्वतः लहान होडी घेऊन आला. दोर फेकला, म्हणाला, “माताजी, डरो मत, हाथ दो.” विहीणबाईंनी डावा हात दिला, कारण उजवा उचलवत नव्हता. माझा अंबाडा धरताना मनगट मोडलं होतं आणि त्या एका शब्दाने बोलल्या नव्हत्या.

मुलगा ढसाढसा रडत होता. सगळ्यांदेखत माझ्या पायावर डोकं ठेवलं. मी म्हटलं, “रडणं नंतर. आधी कोरडं काहीतरी दे, आणि सासूबाईंचा हात बघ.” नात दोघींच्या मध्ये घुसून बसली. दोघींचे ओले पदर तिनं मुठीत धरून ठेवले. दिब्ब्याच्या दवाखान्यात विहीणबाईंना प्लॅस्टर घातलं, मला कोपराला टाके पडले.

त्यानंतर पुष्कळ वर्षं गेली. मुलगा भारतात परत आला, नातीचं लग्न झालं. विहीणबाई ठाण्यात आहेत, मी कराडला. आम्ही दोघी जिवंत आहोत.