खांडेनवमीला धुतलेले स्केट्स

शहाण्या बाईने करू नये ते मी एका खांडेनवमीला केलं. मेश्राम सरांच्या बर्फावरच्या स्केट्सची पाती राखेने घासली, मागच्या पायरीच्या दगडावर रगडून सपाट केली, धुतली, हळदकुंकू वाहिलं आणि दसऱ्यापर्यंत ओल्या झेंडूखाली ठेवून दिली. वय तेव्हा बावन्न. म्हणजे अक्कल यायला अजून बराच अवकाश होता.

मेश्राम सर आमचे भाडेकरू. रेल्वेच्या सिग्नल खात्यातून निवृत्त झालेला हा सडपातळ माणूस राज्याच्या बर्फावरच्या खेळांच्या संघटनेचा सचिव होता, आणि शंकर नगरातली आमची रस्त्याकडची खोली म्हणजे तिचं कार्यालय. रायपुरात बर्फ पाहायचा तो गोळेवाल्याकडे. दारावर पाटी लागली तेव्हा मी आमच्या ह्यांना म्हटलं, उद्या हे समुद्रात पोहण्याचीही संघटना काढतील. लग्नसराईत लोक पाटी वाचून बर्फाच्या लाद्या मागायला यायचे. सर त्यांना खुर्ची द्यायचे, बर्फाच्या कारखान्याचा पत्ता नीट लिहून द्यायचे आणि निघताना विचारायचे, "घरी पोट्टेपोट्टी आहेत का? सकाळी तेलीबांध्याले पाठवजा." मी आत पदर तोंडात धरून हसायची.

तेलीबांध्याच्या तलावाकाठी, फिरायला येणाऱ्यांची गर्दी व्हायच्या आत, ते मुलांना चाकांच्या स्केट्सवर पळवायचे. पहिले आठ दिवस नुसतं पडायला शिकवायचे. म्हणायचे, "उभं राहाले कोणीबी शिकवते. पडाले शिकवणारा पाहिजे." बर्फावरचा खरा जोड एकच होता, तोही कोणाचा तरी वापरलेला. दर रविवारी सर तो सोडायचे, बायकोच्या जुन्या सुती साडीच्या तुकड्याने पुसायचे आणि पुन्हा बांधून ठेवायचे. बर्फाचं तोंडही न पाहिलेली ती पाती इतकी काय पुसायची, हे मला कधी कळलं नाही.

त्या वर्षी राष्ट्रीय संघटनेचं पत्र आलं. तुमच्या राज्यातून बरीच वर्षं कोणी स्पर्धेत उतरलेलं नाही; यंदाही नाही उतरलं तर यादीतून नाव कमी होईल. सर दोन दिवस नीट जेवले नाहीत. मग त्यांनी पूनमला निवडलं. रेल्वे कॉलनीतली सोळा वर्षांची पोर. मराठी सगळं कळायचं, उत्तर मात्र हिंदीत. दसऱ्याला संध्याकाळी दिल्लीची गाडी होती. आदल्या दिवशी सामान आमच्या ओसरीवर ठेवून सर विहारातल्या धम्मचक्र दिनाच्या तयारीला गेले.

आणि मी विळी, कात्री, शिलाई मशीन पूजेला मांडत होते. शेजारी सरांच्या सामानातली ही पाती. मधोमध लांबच लांब खळगा दिसला. मला वाटलं, झिजलंय बिचारं.

दसऱ्याला पूनमने पात्यावरून बोट फिरवलं आणि म्हणाली, "आंटी, धार कहाँ गई?" सर आले. गंजाचे ठिपके पाहिले, कुंकू पाहिलं. त्या खळग्याच्या दोन कडा म्हणजेच धार, त्याच बर्फ धरतात, हे त्यांनी मला शाळेतल्या मुलीला सांगावं तसं सांगितलं. आवाज चढला नाही. तो चढला असता तर मला बरं वाटलं असतं.

पुढचं पूनमने सांगितलं. तिथल्या तपासनिसाने पाती पाहून विचारलं, ही अशी कोणी केली? सर म्हणाले, देखभालीत माझी चूक झाली. मग ते धार लावणाऱ्या कारागिरासमोर उभे राहिले; सगळ्यांचं उरकल्यावर त्याने हा जोड हाती घेतला. तोवर पूनमच्या वाट्याचा सरावाचा एकुलता एक तास संपला होता. पोरीने जन्मात पहिल्यांदा बर्फावर पाय ठेवला तो थेट शर्यतीत. दोनदा पडली, दोनदा उठली, सगळ्यांत शेवटी आली. पण शेवटी यायलाही रेघ ओलांडावी लागते. राज्याचं नाव यादीत राहिलं.

ते परत आले तेव्हा माफीची चार वाक्यं मी पाठ करून ठेवली होती. सरांनी ती बोलूच दिली नाहीत. त्यांनी जे म्हटलं ते ऐकून मी मान खाली घातली. त्यांना वाटलं, लाजले. खरं म्हणजे मी त्यांच्या खेळाची पूजा केलीच नव्हती. घरातलं लोखंड म्हणून विळीच्या रांगेत ते स्केट्स बसवले होते. हे मी त्यांना शेवटपर्यंत सांगितलं नाही. त्याऐवजी दुसऱ्या दिवशी त्यांच्या कार्यालयात जाऊन बसले, पत्रं लिहायला.

सर जाऊन आता सहा वर्षं झाली. पाटी तीच आहे, सचिव म्हणून खाली नाव माझं. लाद्या मागायला अजून लोक येतात. मी खुर्ची देते, आणि घरी पोट्टेपोट्टी आहेत का विचारते. रविवारी पाती पुसते, कोरड्या साडीने.

दिल्लीहून परतले त्या दिवशी चपला काढायच्या आधी, दारातच उभं राहून सर म्हणाले होते, "वहिनी, मी काही पूजाबिजा मानत नाही. पण इतक्या वर्षांत माह्या या कामाले हसलं नाही असं पहिलं माणूस मले तुमच्यात दिसलं. पुढच्या साली बी करजा पूजा. फक्त पाणी नका लावू."