कॅसेटवरची बेडकी

माझ्या गमतीच्या गाण्यांच्या कॅसेटच्या कव्हरवर ढोलकी वाजवणारी बेडकी असायची. ही कशी सुचली, असं लोक विचारत आणि मी ‘स्वप्नात आली’ म्हणून सांगत असे. ते खोटं होतं.

पहिली बेडकी साधीच होती. मग भंडाऱ्याच्या बाजारात एक मासोळीवाली मला दिसू लागली. तिचं नाव मी कधी विचारलं नाही. तराजू उचलला की ती एक डोळा मिटायची, डावा हात कमरेवर ठेवायची, आणि पानानं तिचा गाल कायम फुगलेला असायचा. दुसऱ्या कॅसेटवर माझ्या बेडकीनं डोळा मिटला, तिसरीवर हात कमरेवर ठेवला आणि सीडीवर तिचा गाल फुगला. लोक खूश होते. मी मात्र मासोळी घेताना बाईची नजर चुकवत होतो. तिला न विचारता मी तिची बेडकी केली होती.

आता गाणी मोबाईलवर निघतात. नव्या गाण्यासाठी नागपूरच्या चित्रकारानं बेडकी सडपातळ केली. परवा ते चित्र घेऊन मी मासोळीवालीसमोर बसलो आणि सगळं सांगून टाकलं.

“मले दुसऱ्या कॅसेटपासून मालूम हाये, भाऊ. घरी सुना मले बेडकीच म्हंतेत,” ती म्हणाली. मग तिनं चित्र नीट पाहिलं. “पन माहा गाल कुठी गेला? मी का उपाशी मरून राहिली?”

मी तिथूनच चित्रकाराला फोन लावला. तिनं तो माझ्या हातातून घेतला.

“गाल फुगव, बाबू,” ती त्याला सांगू लागली, आणि सांगता सांगता तिचा एक डोळा मिटला.