वासासकट

"धुरपता, आत नको येऊ. पोरीले घेऊन वट्यावरच बस. तुमच्या आंगाले मासोळीचा वास येते."

प्राचीची आई कोठीच्या दारात उभी राहून माझ्या मायला हे म्हणाली. रागानं नाही. चहात साखर कमी पडली म्हणावं इतक्या सहज. मायच्या कडेवर माझी आठ महिन्यांची बहीण चिमी होती, घामोळ्यांनी लालभडक झालेली. माझ्या डोक्यावर पाण्याचे दोन गुंड होते, एकावर एक. माय म्हणाली, "हो बाई." आणि वट्यावर बसली.

त्या 'हो'चा मला अजून राग येतो.

मी तेव्हा नववीत होते. आमचं गाव सानगडीकडचं, तलावाच्या पाळीला लागून. आमच्याकडे उन्हाळा आता होळीआधीच बसतो आणि उठायचं नाव घेत नाही. ऊन जीवघेणं झालं की ग्रामपंचायतीवरचा भोंगा वाजतो. भोंगा वाजला की कोणी बाहेर राहायचं नाही. पण आमचं घर टिनाचं. त्यात बसण्यापेक्षा बाहेर बरं. म्हणून गावानं ठरवलं, प्राचीच्या बापाची धानाची कोठी दुपारभर लेकरांसाठी आणि म्हाताऱ्यांसाठी उघडायची. जाड भिंती, छपरावर धानाच्या वाळल्या तणसाचा थर, बाजूला सौरऊर्जेचे पॅनल, खिडक्यांत तीन मोठे कूलर.

फक्त कूलरला पाणी नव्हतं. त्यांची बोअर आटली होती. टँकर यायचा तो पिण्यापुरता. गावात पाणी उरलं होतं एकाच जागी. तलाव भेगाळला तेव्हा आम्ही मासोळी धरणाऱ्या ढिवरांनी त्याच्या पोटात खोल डबरा खणला होता, पुढच्या पावसापर्यंत बियाण्याची मासोळी जगवायला. प्राचीचा बाप आमच्या दारात येऊन म्हणाला, "तुमी कूलर भरा. तुमच्या लेकरालेही आत जागा भेटन." माझा बाप पवनीकडं नदीवर गेलेला. मायनं चिमीकडं पाहिलं आणि कबूल केलं.

कूलर खिडकीत बाहेरून बसवलेले. भरायचेही बाहेरूनच. म्हणजे पाणी भरणाऱ्यानं आत जायची गरजच नाही. त्यांच्या हे आधीच ध्यानात आलं असावं.

कूलर आणि चौकट यांच्यात चार बोटांची फट होती. त्यातून मी आत पाहायची. प्राची माझ्या वर्गातली. गणितं माझ्या वहीतून उतरवायची. ती भिंतीशी झोपली होती आणि तिनं अंगावर चादर घेतली होती. मे महिन्यात. थंडी वाजते म्हणून चादर!

खोटं कशाला सांगू? मला तेव्हा न्याय वगैरे काही नको होता. मला ती चादर हवी होती. मी आत पाय पोटाशी घेऊन पडावं आणि प्राचीनं भर उन्हात गुंड वाहावेत, तिच्या टाळूवर चुंबळ रुतावी, असं मला वाटायचं. जळायची मी तिच्यावर. रोज त्या फटीला डोळा लावायची आणि रोज जास्त जळायची.

तिसऱ्या दिवशी प्राचीची आई पुन्हा बाहेर आली. नाकाला पदर.

"अजून वास येऊनच राहिला ना वं. जरा तिकडं लिंबाखाली बस."

माय उठली. लिंबाला पानंच उरली नव्हती, सावली कसली! तासाभरानं परत तेच. मग माय गोठ्याच्या भिंतीला जाऊन बसली. तिथं सावली हातभर होती. ती तिनं चिमीला दिली.

मायनं महिनाभर मासोळीला हात लावला नव्हता. धरायला होतीच कुठं? तरी मी काय केलं, सांगते. घरी राखेनं हात घासले. दंड घासले. मग स्वतःला हुंगलं. आणि माय डोळा लागून पडली होती तेव्हा तिचा पदर हुंगला. प्राचीच्या आईच्या म्हणण्यावर विश्वास ठेवून माझ्या मायला मी हुंगलं. ही लाज माझी मलाच आहे.

चौथ्या दिवशी मी गुंड ओतायला कूलरची बाजूची जाळी काढली आणि वाकले. भपकन वास आला. चिखलाचा, शेवाळाचा, मासोळीचा. टाकीत बोटाएवढी मरळ फिरत होती. माझ्याच गुंडातून आलेली. वर पंखा गरगरत होता आणि तोच वास दिवसभर आत फेकत होता. त्यांच्या उशांवर, त्यांच्या नाकातोंडात. आणि ते माझ्या मायला लांब लांब सरकवत होते.

मला हसू आलं. खूप हसू आलं. तेवढ्यात गोठ्याकडून माय ओरडली, "चिमी डोळे काहून नाही उघडत वं?"

दुसरा गुंड खाली भरलेला होता. आतून प्राचीची आई हाका मारत होती, "भर ना लवकर! गरम हवा येऊन राहिली."

मी गुंड उचलला, गोठ्याकडं पळाले आणि चिमीवर रिकामा केला. अख्खा. चिमीनं श्वास ओढला आणि रडायला लागली.

प्राचीची आई धावत आली. "अवं, ते कूलरचं पाणी होतं!"

"आमच्या डबऱ्याचं होतं, काकू. वास त्या पाण्याले येते. माह्या मायले नाही. आता मी नाही भरत."

ती काही बोलायच्या आधी मायनंच माझ्या थोबाडीत मारली. जागा गेली म्हणून. आत कधी न मिळालेली जागा.

पण मी गुंड उचलला नाही. कूलर कोरडे पडले, भट्टीसारखी हवा फेकू लागले. आत दुसऱ्यांचीही लेकरं होती, मला ठाऊक होतं. मी पाळीवर उभी राहून सांगितलं, लेकरं डबऱ्याकडं आणा. आम्ही पळसाच्या फांद्या आणि जुनी जाळी टाकून मांडव घातला, त्यावर तणस पसरून भिजवलं. लोक आले. प्राचीही आली, नाकाला चादर लावून. ती चादर मला तेव्हाही हवी होती.

माझी आता शाळा सुटली. जाळं मी स्वतः टाकते. मांडव दर उन्हाळ्यात घालतो. यंदा प्राचीचा बाप म्हणतो, डबऱ्यात मोटर टाकू, पाइपानं पाणी थेट कोठीत नेऊ. "तुमाले वाहाचा तरासच नाही."

माय म्हणते, जाऊ दे. गाव म्हणतं, पोरगी अजून जळते.

जळते. विझायचं नाही मला. उद्या मोटर आली की मी डबऱ्यात कमरेएवढ्या पाण्यात उभी राहणार. ज्याला थंडावा पाहिजे त्यानं तलावात उतरावं, चिखलात माझ्या मायच्या मांडीला मांडी लावून बसावं. वासासकट. पाणी वर जाणार नाही.